भोवरा पडला का?

पावसाळा सरत आला की आमच्या घरात ‘जेवायला काय आहे’ यापेक्षाही जास्त वेळा विचारला जाणारा प्रश्न म्हणजे ‘भोवरा पडला का?’ विचारणारी आमची सूनबाई. उत्तर द्यायचं पिंपापाशी काठी धरून जो उभा असेल त्यानं. पडला म्हटलं की लगेच, ‘‘मोडा.’’ मोडला की, ‘‘आता उलटा.’’ हे असं एक तास. पंचावन्न मिनिटं चालत नाहीत, मी विचारून पाहिलंय.

भोर तालुक्यात यांची वडिलोपार्जित तीन एकर आहे. भाताची खाचरं, थोडी नाचणी, विहिरीलगत भाजीचे वाफे. हे बँकेतून निवृत्त झाले, मी याच तालुक्यातल्या शाळेत विज्ञान शिकवून निवृत्त झाले. गावात येऊन राहायचं ठरलं तेव्हा माझ्या डोळ्यांपुढे ओटीवरचा झोपाळा होता. मग चिरंजीवांचं लग्न झालं. सूनबाईनं शिक्षण संपवून जर्मनीतल्या एका शेतावर काही काळ काम केलेलं. तिथून बायोडायनॅमिक शेती, म्हणजे रसायनं टाळून आणि चंद्राच्या राशी बघून करायची शेती, शिकून आली आणि झोपाळ्याच्या कड्यांना लसणाच्या जुड्या लागल्या.

या शेतीचे मूळपुरुष रुडॉल्फ स्टायनर. ऑस्ट्रियन तत्त्वचिंतक. वॉल्डॉर्फ शाळाही त्यांच्याच. जून १९२४ मध्ये कोबरविट्झ नावाच्या गावी एका जहागीरदाराच्या वाड्यावर त्यांनी शेतीवर आठ व्याख्यानं दिली. ते गाव तेव्हा जर्मनीत होतं, आता पोलंडमध्ये आहे. पुढच्या मार्चमध्ये ते वारले. स्वतः शेतकरी नव्हते. बोलून मोकळे झाले, आणि शंभर वर्षं उलटली तरी निस्तरतोय आम्ही, भोर तालुक्यात.

निस्तरायचं काय, तर गाईचं शिंग घ्यायचं. त्यात दुभत्या गाईचं शेण ठासून भरायचं. आश्विनात ती शिंगं दीड फूट खड्ड्यात पुरायची आणि थंडी संपली, की फाल्गुन-चैत्राच्या सुमारास उकरायची. आतल्या शेणाची तोवर काळी, भुसभुशीत माती झालेली असते. शेणाचा वास पार गेलेला, पहिल्या पावसानंतर रानात येतो तसला वास उरलेला. हे मात्र खरं आहे, मी स्वतः नाक लावून पाहिलंय. याला ‘५०० नंबर’ म्हणतात. मोजणीच ५०० पासून सुरू होते. आधीचे ४९९ कुठे गेले, असं यांनी विचारलं तेव्हा सूनबाई इतकं गोड हसली की यांनी पुन्हा विचारलं नाही.

ही माती एकरी पंचवीस-तीस ग्रॅम घ्यायची, तेरा ते पंधरा लिटर कोमट पाण्यात टाकायची, तासभर ढवळायची आणि संध्याकाळी जमिनीवर शिंपडायची. पंचवीस ग्रॅम! यांना आधी वाटलं, छापताना चुकलंय, किलो असणार. आयुष्यभर लोकांची पीककर्जाची प्रकरणं तपासलेला माणूस. एकराला एवढ्याशा खतावर भागतं, हे ऐकून त्यांना आनंद व्हावा की संशय यावा हे कळेना. सवयीनं संशय आला.

पण पहिली पंचाईत शिंगांची. बैलाचं चालत नाही, गाईचंच हवं, तेही व्यालेल्या. शिंगाच्या बुडाशी वळ्या दिसतात त्यावरून ओळखायचं. आता हल्लीच्या गोठ्यांतून बघाल तर सगळ्या होल्स्टिन नाहीतर जर्सी संकरित, आणि कालवडी लहान असतानाच त्यांची शिंगं डागून टाकलेली. शिंग असलेली गाय म्हणजे खिलार, डांगी, गीर असली. आमच्या गोठ्यात हरणी आहे, अस्सल खिलार. हातभर शिंगं आहेत, पण ती तिला स्वतःला लागतात. माझं लुगडं वाळत घालायची दोरी, अंगणातला बल्ब आणि दोन वेळा यांचा चष्मा एवढा त्यांचा उपयोग ती नियमित करते.

शेवटी एका पांजरपोळातून मेलेल्या गाईंची शिंगं मिळाली. हे आणि चिरंजीव मोटारसायकलवर मधे पोतं घेऊन निघाले आणि हमरस्ता सोडून भोरकडे वळतात तिथे नाकाबंदी लागली.

‘‘पोत्यात काय?’’

‘‘शिंगं.’’

‘‘कसली?’’

‘‘गाईची,’’ हे म्हणाले. बँकेतली सवय, खोटं बोलता येत नाही.

सूनबाईनं पांजरपोळाच्या शिक्क्याची चिठ्ठी आधीच घेऊन ठेवली होती म्हणून बरं. हवालदारानं ती दोनदा वाचली. मग विचारलं, ‘‘शेतीत शिंगाचं काय काम हो काका?’’

‘‘शेण भरून पुरायची.’’

‘‘बरं. मग?’’

‘‘मग उकरायची.’’

‘‘मग?’’

‘‘मग ते पाण्यात ढवळायचं. एक तास.’’

हवालदारानं यांच्याकडे पाहिलं, चिरंजिवांकडे पाहिलं, पोत्याचं तोंड स्वतःच्या हातानं बांधलं आणि म्हणाला, ‘‘यांना सावकाश न्या घरी.’’ हे सांगणं चिरंजिवांना होतं.

घरी आल्यावर यांनी शिंगं मोजून वहीत चढवली. कोणत्या खात्याखाली, तर डेडस्टॉक.

आश्विनात शिंगं पुरायची म्हणजे ऐन नवरात्राच्या आसपास. देवघरात घट बसलेले आणि बाहेर सीताफळाच्या झाडाशेजारी आम्ही चौघं कंदिलाच्या उजेडात खड्डा खणतोय, कारण दिवसभर सूनबाईच्या कॅलेंडरात काट मारलेली होती. शेजारचे तात्या बांधावर येऊन उभे राहिले. बराच वेळ काही बोलले नाहीत. मग घसा खाकरून म्हणाले, ‘‘बाई, ही करणी म्हणायची का कसं?’’

मी या गावातल्या तीन पिढ्यांना अंधश्रद्धा निर्मूलनावर भाषणं दिलेली आहेत. दारावरच्या लिंबू-मिरचीवर तर माझा तासभराचा कार्यक्रम ठरलेला असायचा, त्यात शेवटी ते लिंबू पिळून सरबतही करून दाखवायची. तात्यांच्या थोरल्याला मी पिंपळावरच्या भुताच्या निबंधाला शून्य मार्क दिले होते. आणि आता त्याच्या बापासमोर मी शेण भरलेलं शिंग टोक वर करून खड्ड्यात रचत होते. ‘‘करणी नव्हे, तात्या,’’ मी म्हटलं, ‘‘खत.’’ तात्या मान हलवत गेले. दुसऱ्या दिवशी त्यांच्या सूनबाईनं आपल्या म्हशीच्या गळ्यात काळा दोरा बांधला.

तर आता ढवळणं. आजेसासूबाईंचं तांब्याचं पिंप आहे, त्यात चाळीस-एक लिटर पाणी. प्लास्टिक वर्ज्य. आंब्याच्या फांदीला दोरानं बांबू टांगलाय, म्हणजे त्याचा भार हातावर येत नाही असं म्हणतात. म्हणणारे बहुधा व्याख्यानं देणारे असावेत. कडेकडेनं सुरुवात करायची. पाणी आधी ऐकतच नाही, नुसतं डचमळतं. मग हळूहळू एका चालीनं धावायला लागतं, पिंपाच्या कडांवर चढतं, मधोमध खड्डा पडतो आणि तो खोल जात जात एकदम पिंपाचं बूड दिसतं. हा भोवरा. क्षणभर फार सुंदर दिसतो. तो तसा दिसायला लागला रे लागला, की काठी उलट फिरवून त्याचा सत्यानाश करायचा. पाणी खवळतं, फेस येतो, बांबूला आतून असा हिसका बसतो की खांद्यातली कळ थेट दाढेत जाते. मग पुन्हा पहिल्यापासून, उलट्या दिशेनं.

अर्ध्या तासानंतर पाणी हाताला जड लागायला लागतं. सूनबाई म्हणते, त्यात शक्ती उतरलेली असते. माझ्या मते माझे खांदे उतरलेले असतात.

चिरंजीव घरून कंपनीचं काम करतात, त्यामुळे त्यांची पाळी मिटिंगमध्येच येते. कानात यंत्र, हातात बांबू. एकदा पलीकडून कोणी तरी कळकळीनं विचारलं, ‘‘तुमच्याकडे पूर आलाय का?’’ त्यावर हे महाशय ‘‘नाही, शेतीचं आहे,’’ म्हणाले. पलीकडच्यांनी त्यांना दोन दिवस सुटी घ्यायला लावली. ते दोन दिवसही सूनबाईनं शेणखताच्या ढिगाला लावले.

स्टायनरनाही हा तास जड जाणार याची कल्पना असावी. व्याख्यानानंतरच्या प्रश्नोत्तरांत त्यांनी सुचवलं होतं की रविवारी पाहुणेमंडळी येतात, त्यांच्याकडून करमणूक म्हणून हे ढवळून घ्यावं. त्यांच्या संपूर्ण विचारसरणीतला मला मनापासून पटलेला हा एकमेव मुद्दा. आम्ही तो ताबडतोब अमलात आणला. पुण्याहून यांचे मावसभाऊ सहकुटुंब आले, पिठलं-भाकरी जेवले, आणि वामकुक्षीसाठी चटई शोधत असताना सूनबाईनं त्यांच्या हाती बांबू दिला. त्यांच्या नातवानं त्याचं रील काढलं. ते नातेवाइकांत इतकं फिरलं की हल्ली पुण्याहून कोणी यायचं म्हटलं, तर आदल्या दिवशी फोन करून विचारतात, ‘‘उद्या काही ढवळायचं-बिवळायचं नाही ना?’’

५०० संध्याकाळचं, म्हणून निदान माणसांच्या वेळेत उरकतं. त्याचा धाकटा भाऊ ५०१. गारगोटीची, म्हणजे स्फटिकाची, पिठासारखी भुकटी करून शिंगात भरायची, ती उन्हाळ्याच्या सुरुवातीला पुरून पावसाळा सरताना काढायची. एकरी एक ग्रॅम. एक! आमच्या सोनाराचा काटा उसना आणावा लागला. सोनार विचारतो, ‘‘काय मोजायचंय?’’ हे सांगतात, ‘‘वाळू.’’ आणि हे ढवळून झालं पाहिजे सूर्य उगवता उगवता, म्हणजे काठी हातात घ्यायची पहाटे पाचला, थंडीत.

यानंतर ५०२ ते ५०७ आहेत. कंपोस्टात घालायच्या औषधी. गंधना नावाच्या वनस्पतीची फुलं हरणाच्या मूत्राशयात, कॅमोमाइलची फुलं गाईच्या आतड्यात, ओकची साल पाळीव जनावराच्या कवटीत, अशा त्यांच्या कृती आहेत. ओक आमच्या भागात उगवत नाही, आणि हरणाकडे नुसतं वाकडं बघितलं तरी १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आडवा येतो. सूनबाईनं कृतीचं पुस्तक उघडलेलं पाहून मी तिला एवढंच म्हटलं, की बाळा, हे आपण तयार मागवू. आता कुरिअरनं चिमूटचिमूट पुड्या येतात. कुरिअरचा मुलगा प्रत्येक वेळी सही घेताना पुडीचा वास घेतो आणि माझ्याकडे बघून काही तरी बोलायचं टाळतो. तोही माझाच विद्यार्थी.

पण या सगळ्यापेक्षा माणूस जेरीला येतो तो कॅलेंडरानं. मारिया थुन नावाच्या जर्मन बाईंनी वर्षानुवर्षं मुळे पेरून पाहिले आणि १९६३ पासून पेरणीचं कॅलेंडर काढलं. चंद्र वृषभ, कन्या, मकर राशीत असला तर मुळांचा दिवस. कर्क, वृश्चिक, मीन म्हणजे पानांचा. मिथुन, तूळ, कुंभ फुलांचा. मेष, सिंह, धनू फळांचा. हे गावाला कठीण जाईल अशी माझी समजूत होती. कसलं काय! तात्यांनी ते कॅलेंडर उलटसुलट करून पाहिलं आणि विचारलं, ‘‘यात पावसाचं वाहन कुठं दिलंय?’’ मृगाला कोल्हा आहे की बेडूक, आर्द्रा म्हशीवर येणार की उंदरावर, याचा त्यात पत्ताच नाही म्हटल्यावर जर्मन लोकांविषयीचं तात्यांचं मत साफ उतरलं.

शिवाय स्वयंपाकघरातल्या भिंतीवर एकटा चंद्र नाही. शेजारी आपली नेहमीची दिनदर्शिका आहे. अमावास्येला कोणी औताला बैल जुंपत नाही. खुरपणीला येणाऱ्या मावश्यांचं वेगळं पंचांग आहे, त्यात आठवड्याचा बाजार, बचत गटाची सभा आणि नणंदेच्या जावेच्या मुलीची हळद आहे. आणि या सगळ्यांच्या वर खिळ्याला टांगलेला, यांनी मार्करनं लिहिलेला कागद: थ्री फेज लाइट या आठवड्यात दिवसा, पुढच्या आठवड्यात रात्री. चंद्र कुठेही असो, मोटर चालते ती या कागदावर.

गाजराच्या पेरणीला चंद्र कन्येत होता. मावश्या हळदीला होत्या. लाइट रात्रपाळीला होती. सगळं जुळून येईतो चंद्र वृश्चिकेत गेला, म्हणजे पानांच्या दिवसात. गाजरं बोटाएवढी आली आणि वर पाला मात्र गुडघाभर. सूनबाई दोन दिवस गप्प होती. पाला हरणीनं खाल्ला, तिनं रास विचारली नाही. बोटभर गाजरं आम्ही पुण्यातल्या सोसायटीच्या ग्रुपवर ‘बेबी कॅरट’ म्हणून टाकली आणि तासाभरात संपली. त्या ग्रुपवरच्या बायका फार चोखंदळ आहेत. कोबीत अळी निघाली तर फोटो पाठवून तक्रार करतात, नाही निघाली तर ‘फवारणी केलीत का’ म्हणून विचारतात.

मधल्या काळात माझा एक जुना विद्यार्थी येऊन गेला. त्याचं आता कृषी सेवा केंद्र आहे. पिंपापाशी येऊन उभा राहिला, नववीत उभा राहायचा तसाच, हात मागे बांधून. मी भोवरा मोडला तसा म्हणाला, ‘‘बाई, केंद्रोत्सारी बल.’’ मला भरून आलं. नववीत हे त्याला एकदाही सांगता आलं नव्हतं. पुढे म्हणाला, ‘‘बाई, युरियाची पंचेचाळीस किलोची गोणी २६६ रुपये पन्नास पैशांना मिळते. ढवळावं लागत नाही.’’ यांनी वर्तमानपत्र खाली केलं. सूनबाई गोठ्यातून बाहेर आली. यांनी वर्तमानपत्र वर केलं.

‘‘आणि बाई,’’ तो जाता जाता म्हणाला, ‘‘तुम्हीच सांगायचात, प्रयोगाला कंट्रोल पाहिजे म्हणून.’’

हे मात्र मला झोंबलं. मी मुळ्याचा एक वाफा बाजूला काढला. बी तेच, शेणखत तेच, पाणी तेवढंच, फक्त शिंगाचं पाणी त्यावर शिंपडायचं नाही. पाटी लावली, ‘तुलनेसाठी’. सूनबाईनं हरकत घेतली नाही, उलट पाटीला रंग दिला. कडुनिंबाच्या डहाळीनं शिंपडायचं काम यांच्याकडे असतं. सगळं शेत झाल्यावर बादलीत थोडं उरलं. माझ्या वाफ्यापाशी येऊन यांनी तेही शिंपडून टाकलं, ‘‘एवढं तासभर ढवळलेलं, वाया कशाला घालवायचं!’’ पुढच्या खेपेला वाफा गोठ्याच्या खालच्या अंगाला हलवला. तिथले मुळे मनगटाएवढे झाले. मला विजयाचा आनंद होणार तोच सूनबाईनं दाखवलं, की गोठा धुतल्याचं सगळं पाणी तिथेच मुरतंय. बरोबर होतं तिचं. प्रयोगाच्या मांडणीतली चूक काढणारी सून मिळाली, याचं सुख मानावं की दुःख, तेवढंच ठरवायचं राहिलंय.

मग मी जरा वाचन केलं. स्वित्झर्लंडमध्ये थेरविल इथे १९७८ पासून बायोडायनॅमिक, साधी सेंद्रिय आणि रासायनिक अशी तिन्ही शेती शेजारी शेजारी करून पाहताहेत. त्यांचे एकवीस वर्षांचे आकडे २००२ मध्ये ‘सायन्स’ या शोधपत्रिकेत आले. रसायनं टाळणाऱ्या दोन्ही प्रकारांत उत्पन्न सुमारे वीस टक्क्यांनी कमी, पण खतं आणि ऊर्जा ३४ ते ५३ टक्क्यांनी आणि कीटकनाशकं ९७ टक्क्यांनी कमी. मातीत गांडुळं, जीवजंतू भरपूर. आता यात शेणखताचा वाटा किती आणि भोवऱ्याचा किती, हा माझा प्रश्न आहे. यांचा प्रश्न निराळा होता, ‘‘वीस टक्के कमी? मग भाव वीस टक्के जास्त लावला का त्यांनी?’’ दोघांनाही उत्तर न देता सूनबाईनं पिंप घासायला काढलं.

माझं मत विचाराल तर शिंगात काही नाही, शेणात सगळं आहे. पण गंमत अशी की घरात सगळ्यांत चांगला भोवरा माझाच पडतो. यांचा लंबवर्तुळाकार होतो. चिरंजिवांचा पडण्याआधी फोन येतो. त्यामुळे विश्वास नसूनही पिंपापाशी पहिला मान माझा, आणि मावश्या तर आता कौतुकानं म्हणतात, ‘‘बाईंच्या हाताला गुण हाय.’’ निवृत्त विज्ञान शिक्षिकेनं हे ऐकून कुठं जावं?

सध्या आश्विन संपत आलाय, इंद्रायणी लोंब्यांनी वाकलीय, घमघमाट सुटलाय आणि खाचरांत उंदीर लागलेत. बांधाला नवी बिळं दिसतात, सकाळी तोडलेल्या लोंब्यांचा सडा. तात्यांनी पिंजरा देऊ केला. यांनी मांजर आणायचं सुचवलं. सूनबाईनं मात्र स्टायनरांचं सहावं व्याख्यान काढलं. उपाय स्पष्ट दिलाय: शुक्र वृश्चिकेत असताना उंदराच्या पिल्लाचं कातडं काढायचं, जाळायचं आणि ती राख शेतात शिंपडायची.

जेवताना तिनं तो वाचून दाखवला. कोणी घास उचलला नाही. मग चिरंजीव म्हणाले, ‘‘बीएस्सीला बेडूक कोण चिरायचं आपल्याकडे?’’ आणि तिघंही माझ्याकडे बघायला लागले.

मी स्वच्छ सांगितलं, मी निवृत्त झालेय. भिंतीवरच्या कॅलेंडरात पाहिलं, शुक्राला वृश्चिकेत यायला अजून अवकाश आहे. पिंजरा मी तात्यांकडून तेवढ्यात आणून ठेवलाय. त्याला भजी लावलीत, कांद्याची. पहाटे बघितलं तर भजी गेली होती, पिंजरा रिकामा होता, आणि हे ओटीवर बसून हात पुसत होते.